विझलेली शेगडी

कुकरची शिट्टी झाली, तशा फोनवर वकीलबाई बोलल्या, “गॅस संपला होता, असं लिहूया?” आमच्या पलूसच्या बचत गटाला शाळेच्या खिचडीच्या टेंडरमधून अपात्र ठरवलं होतं. पाहणीला चारची वेळ देऊन समिती अंधार पडल्यावर आली. आम्ही जैन बायका, दिवस मावळला की शेगडी विझवतो. साहेबांनी शेरा मारला, ‘स्वयंपाकघर बंद.’ त्याविरुद्ध उद्या कोल्हापूरला हायकोर्टात याचिका जाणार होती. सासूबाई म्हणाल्या, “लिहू दे की, चंदना. गॅस साक्षीला येतोय व्हय?” हसू आलं, पण मी हटले नाही. “न्हाई, आक्का. उशीर त्यांनी केला, खोटं आपण का बोलायचं? वकीलबाई, खरं तेच लिहा, सही मी करते.” माझ्यापुढं वेणीला बसलेल्या कीर्तीनं मान वळवली. “मम्मी, साहेबांसाठी एकदाच शेगडी पेटवली असती, तर पाप लागलं असतं?”