सिनेमातला बाप

जालन्यात कांचनचा वीस मिनिटांचा सिनेमा दाखवणार होते, तेव्हा तिनं कुंभार पिंपळगावाहून आईवडिलांना मुद्दाम बोलावून घेतलं. सिनेमातला बाप पोरीच्या दप्तरातली पुस्तकं काढून त्यात तिच्याच लग्नाच्या पत्रिका भरतो. बारा वर्षांपूर्वी तिच्या वडिलांनी, काकासाहेबांनी, कांचनच्या दप्तराचं नेमकं हेच केलं होतं. त्यांच्या तोंडावर तिला ते कधी बोलता आलं नाही, म्हणून तिनं ते पडद्यावर मांडलं होतं.

अंधारात ती वडिलांकडंच बघत होती. दप्तराचा प्रसंग आला आणि काकासाहेबांनी उपरण्यानं डोळे पुसले. कांचनचा ऊर भरून आला. एवढ्या वर्षांनी बापाला उमगलं!

बाहेर आल्यावर तिच्या डोक्यावर हात ठेवून ते म्हणाले, "लई बराबर दाखवलंस, पोरी. तुझा भुजंगकाका असाच वागला त्याच्या लेकीशी. मी तव्हा किती सांगून पाह्यलं, पण गड्यानं ऐकलं न्हाई."

कांचननं त्यांच्या तोंडाकडं निरखून बघितलं. ते थट्टा करत नव्हते. ते चहा सांगायला पुढं गेले, तसा गोंधळलेल्या कांचननं आईचा हात धरला.

"माय, तुला तरी कळलं ना, तो बाप कोण ते?"

"न कळायला काय झालं?" दैवशालाबाई म्हणाल्या. "माझ्या बापानं दप्तरात हळकुंडं भरल्ती, तू पत्रिका दाखवल्यास, एवढाच काय तो फरक. पण तू तर त्याला पाह्यलं बी न्हाईस. मंग तुला हे सांगितलं कुणी?"