मागची सीट

मोपेडची चावी खिळ्यावर नव्हती.

वैशालीने फ्रिजवर पाहिलं, देवघराच्या खणात पाहिलं, दिलीपच्या पँटचे खिसे चाचपले. तिन्हीसांज झाली होती, देवापाशी दिवा लावायचा राहिला होता, आणि ती एका चावीमागे घरभर फिरत होती. श्रावणात स्वानंद गेला, तेव्हापासून त्या चावीला कोणी हात लावला नव्हता. दिलीपसुद्धा आता कंपनीच्या बसने जायचा. आणि ती नेमकी आज नाहीशी झाली होती. आज स्वानंदला सोळा पूर्ण झाली असती.

दिलीप खालून वर आला. त्याचा चेहरा पांढराफटक पडला होता.

"गाडी गेटपाशी उभी आहे," तो म्हणाला. "कव्हर नीट घडी करून कठड्यावर ठेवलंय. इंजिन गरम आहे."

"सोसायटीतल्या पोरांनी काढली असेल."

"पुढे एल लावलाय."

वैशालीची नजर माळ्याकडे गेली. तो एल स्वानंदने स्वतः रंगवला होता, पांढऱ्या पुठ्ठ्यावर लाल रंगाने, पंधरावं लागल्या लागल्या. दिलीपने तो त्याच्या हातातून घेऊन माळ्यावर टाकला होता. तिथे तो आहे हे या तिघांशिवाय कोणाला ठाऊक असणार?

दिलीप म्हणजे नियमाचा माणूस. ऐरोलीत तेव्हा रस्ते ऐसपैस आणि गाड्या मोजक्या. खाडीकडच्या रस्त्यावर तर भरदुपारी कुत्रंही फिरकायचं नाही. तिथेसुद्धा हा पठ्ठ्या वळताना हात दाखवायचा. सोसायटीत त्याला सगळे आरटीओ म्हणत. इतरांची चौदा-चौदा वर्षांची कार्टी बापाच्या गाड्या उडवायची आणि स्वानंद बिचारा बाल्कनीतून बघत बसायचा. "बाबा, एकच चक्कर. फक्त खाडीपर्यंत." त्यावर दिलीपचं उत्तर पाठ असल्यासारखं यायचं. बिनगिअरची, पन्नास सीसीची गाडी, तीही सोळा पूर्ण झाल्यावर. शिकाऊ लायसन्स काढायचं, मागे लायसन्सवाला माणूस बसवायचा, एल लावायचा. पालकाची सही लागते, ती मी त्याच दिवशी करीन. त्याआधी चावी मागायची नाही.

मग कावीळ झाली. हॉस्पिटलात शुद्ध हरपण्याआधी पोराने विचारलं होतं, "बाबा, सोळाला अजून किती राहिले हो?"

खाली हॉर्न वाजला. एकदाच, हलकेच.

वैशालीने दाराला कडी घातली. का घातली, ते तिला नीट सांगता आलं नसतं. या घरात आता ती दोघंच उरली होती. दिलीप धड जेवत नव्हता, बोलत नव्हता, कितीतरी वेळ बाल्कनीत त्या पोराच्या जागी उभा राहायचा. पोरगा गेला, आता हाही हातचा जाईल, ही एकच धास्ती तिने इतके महिने उराशी धरली होती.

"अहो, खरं सांगा," ती म्हणाली. "दहाव्याला काय झालं होतं?"

दहाव्याला घरातल्या बायका गेल्या नव्हत्या. तिचा भाऊ कमळाकर परत आल्यावर एवढंच म्हणाला होता, की पिंडाला कावळा शिवला. पण सकाळी गेलेली माणसं ऊन उतरल्यावर परत आली होती. इतका उशीर का, हे विचारायचं बळ तेव्हा तिच्यात नव्हतं.

दिलीप खुर्चीत टेकला.

"शिवत नव्हता," तो म्हणाला. "झाडावर बसून नुसता बघत होता. कमळाकर म्हणाला, पोराची काही इच्छा राहिली असेल तर कबूल करून टाका. मी हात जोडून म्हटलं, चावी देईन. सोळा पूर्ण होतील त्याच दिवशी."

"तेव्हासुद्धा सोळाच?"

"तेव्हासुद्धा."

वैशालीला हसू आलं आणि त्याच्याबरोबरच रडूही फुटलं. किती दिवसांनी ती मोकळी रडली. मग तिने पदराने डोळे पुसले.

"मग झालं की हो! शब्द पुरा झाला तुमचा. चावी त्याच्याकडे गेली. जाऊ दे त्याला खाडीपर्यंत, फिरू दे मनासारखं, आणि मग सुटू दे." तिने देवापाशी दिवा लावला. सकाळी केलेल्या शिऱ्याची वाटी स्वानंदच्या फोटोपुढे ठेवली. हात जोडले. तिला खरंच हलकं वाटलं.

मागे कपाटाचं दार वाजलं. तिने वळून पाहिलं. दिलीपने इस्त्रीचा शर्ट घातला होता. कपाटातलं लायसन्स काढून त्याने वरच्या खिशात ठेवलं, खिशाचं बटण लावलं आणि दाराशी जाऊन चपला घातल्या.

"तुम्ही कुठे निघालात?"

खाली पुन्हा हॉर्न वाजला. या वेळी जरा लांब. उशीर करणाऱ्या घरच्या माणसाला बोलवावं तसा.

"मघाशी तुला सांगितलं नाही," दिलीप म्हणाला. "कव्हर होतं तरी गाडीवर श्रावणापासूनची धूळ आहे. मागची सीट तेवढी लख्ख पुसलीय. मागच्या माणसाचे फूटरेस्टही उघडून ठेवलेत."

वैशालीने धावत जाऊन त्याचा दंड घट्ट धरला. "नाही जायचं! माझी शपथ आहे तुम्हाला. चावीच कबूल केली होती ना? फक्त चावी!"

दिलीपने तिची बोटं हळुवारपणे सोडवली आणि कडी काढली.

"नुसत्या चावीवर शिवला नव्हता कावळा, वैशाली."