उडीचं बटण

आवाज आला, पण चित्र काही आलं नाही. काळ्या पडद्यावर जुन्या खेळाचं टिंगटिंग संगीत एकटंच वाजत राहिलं आणि सुनेने कपाळावर हात मारला.

"आलं की," मागून सासूबाई म्हणाल्या. "हेच गाणं होतं."

"गाणं आलंय हो आई. माणूस कुठाय?"

चष्म्याच्या दुकानात दिवसभर लोकांना भिंगं बसवून देणाऱ्या बाईला हे एम्युलेटर प्रकरण नवंच होतं. घरातला जुना गेमचा डबा केव्हाच जळून गेलेला. त्याची हुबेहूब नक्कल कॉम्प्युटरवर करणारा हा प्रोग्राम. दुकानातला एकजण म्हणाला होता, अगदी सोपं आहे. सांगायला त्याचं काय जातंय!

कॉम्प्युटर नवऱ्याचा. तो गेल्यापासून वर्षभर त्यावर चादर होती. आज तिने ती काढली, कारण रविवारी नणंद येणार होती आणि आईला कायमची आपल्याकडे घेऊन जाणार होती. नणंदेचंही चूक नव्हतं. मुलगाच उरला नाही, तर आईने सुनेकडे कशासाठी राहायचं? हिला मात्र सासूबाई जायला नको होत्या. पण ते सांगणार कुठल्या तोंडाने? वर्षभर दोघी 'जेवलीस का' आणि 'गॅस बंद केला का' यापलीकडे बोलल्याच नव्हत्या. परवा भांडी पुसता पुसता सासूबाई सहज बोलून गेल्या, की तो शाळेतून आला की आम्ही त्या उड्या मारणाऱ्या माणसाचा गेम खेळायचो. सुनेने तेवढंच धरून ठेवलं.

तिने सेटिंगमध्ये जाऊन एक खूण काढली, दुसरी केली. चित्र आलं.

"अगं बाई, हा एवढा कधी सुटला?" सासूबाई म्हणाल्या.

खरंच, पडदा रुंद असल्यामुळे तो बिचारा आडवा ताणला गेला होता. सुनेने बाजूच्या काळ्या पट्ट्या वाढवून त्याला बारीक केलं. मग कीबोर्ड सासूबाईंपुढे सरकवला. बाणाची बटणं दिशेला, लांब पट्टी उडीला.

सासूबाईंनी चष्मा सारखा केला आणि माणूस सुसाट सोडला. तो पळत पळत गेला आणि सरळ खड्ड्यात पडला. पुन्हा सोडला, पुन्हा त्याच खड्ड्यात. वेग फक्कड, पण काठावर आला तरी उडी म्हणून नाही.

"आई, उडी मारा ना!"

तिसऱ्यांदाही तेच झालं आणि खेळ संपला. बटण चालत नसेल म्हणून सुनेने पुन्हा सेटिंग उघडलं, स्वतः दाबून पाहिलं. माणूस टुणकन उडाला. सासूबाईंनी खुर्ची मागे सारली.

"राहू दे आता. खूप केलंस तू."

सगळी मेहनत पाण्यात गेली, असं सुनेला वाटलं. तिला रडूच यायचं बाकी होतं. "बटण चालतंय हो आई. हे बघा."

"चालत असेल गं. मला कुठे येते उडी?" सासूबाई म्हणाल्या. "उडी तो मारायचा."

सुनेला कळेना.

"रिमोट एकच होता. दुसरा आणल्या आणल्या आपटून फुटला. मग एकाच रिमोटला दोघं. मी पळवायची, तो उडवायचा. आणि पडलो की कोणाची चूक, यावरून जेवायची वेळ होईपर्यंत भांडायचो."

सून हसली आणि हसता हसताच तिचे डोळे भरून आले. एवढी वर्षं संसार केला, पण हे काही तो कधी बोलला नव्हता. तिला त्याची आठवण आली आणि थोडा रागही आला.

तिने आणखी एक खुर्ची ओढली आणि सासूबाईंच्या डावीकडे बसली.

"इकडे नको. ही माझी बाजू."

दोघींनी खुर्च्या बदलल्या. पण आता बाणाची बटणं सुनेपुढे आणि लांब पट्टी सासूबाईंपुढे आली. मग सुनेने दिशा डावीकडच्या अक्षरांवर नेल्या आणि उडी उजवीकडच्या मोठ्या बटणावर.

"असं हवं तिथे नेता येतं?" सासूबाईंनी विचारलं.

"येतं. कुठलंही बटण कुठेही नेता येतं."

सासूबाईंनी माणूस सोडला. खड्डा आला. सुनेचं बोट अडखळलं आणि तो पडला.

"उशीर केलास."

"तुम्ही सांगितलंत कुठे?"

"त्याला सांगावं लागायचं नाही."

सासूबाई बोलून गेल्या. सुनेने मान खाली घातली. खेळाचं संगीत आपलं चालूच होतं.

"बरं," सासूबाई बटणांवर पुन्हा बोटं ठेवत म्हणाल्या, "तुला सांगत जाईन."

माणूस पुन्हा पळू लागला. "थांब... थांब... हां, आता!" तो खड्डा पार झाला. दोघी एकदम ओरडल्या, आणि वर्षभरात त्या घरात एवढा आवाज झाला नव्हता.

टेबलावरचा फोन वाजला. नणंद होती. सुनेने डाव्या हाताने स्पीकर चालू केला.

"आई, रविवारी किती वाजता येऊ न्यायला?"

"जेवायला ये," सासूबाई पडद्यावरची नजर न काढता म्हणाल्या. "न्यायला नको. मी इथेच बरी आहे. थांब... हां, आता!"

"आता? आता काय, आई?"

दोघींनाही उत्तर द्यायला सवड नव्हती. पुढचा खड्डा जवळ आला होता.