पिवळा शर्ट

“खाली ठेव ते,” हानूस म्हणाला.

तुम्मासने हातातला पिवळा शर्ट टेबलावर ठेवला. तुम्मास क्लबचा सेक्रेटरी. शाळेत गणित शिकवायचा, एरवी कुणाला दबणारा नव्हता. पण हानूसने आवाज खाली आणला की हामरवीक गावात भलेभले गप्प व्हायचे.

रविवारची दुपार होती. चर्च सुटल्यावर गाव तसंच क्लबच्या खोलीत आलं होतं. विषय एकच होता. हामरवीकचा फुटबॉल क्लब खाडीपलीकडच्या शालनेसच्या क्लबमध्ये मिसळायचा की नाही. ठरावाचा कागद तयार होता. अध्यक्ष म्हणून हानूसची सही तेवढी बाकी होती.

“आपल्याकडे नऊ खेळाडू उरलेत,” तुम्मास म्हणाला. “त्यातला एक सत्तेचाळीस वर्षांचा. परवापर्यंत नावं कळवली नाहीत, तर यंदा आपण लीगमध्येच नाही. शालनेसवाले म्हणतात, नाव दोन्ही गावांचं लावू. फक्त शर्ट त्यांचा, हा पिवळा.”

“फक्त,” हानूस म्हणाला.

तो एकसष्ट वर्षांचा होता. मासेमारीच्या मोठ्या बोटीवर इंजिन सांभाळायचा. वर्षातले सात महिने समुद्रावर, उरलेले पाच या क्लबमध्ये. खाडीखालून बोगदा झाल्यापासून शालनेस सहा मिनिटांवर आलं होतं. सगळं गाव तिकडे सामान आणायला जायचं. हानूस एकदाही गेला नव्हता.

कारण सगळ्यांना पाठ होतं, तरी त्याने ते पुन्हा सांगितलं. शालनेसचं मैदान अगदी पाण्याला लागून. वाऱ्याने चेंडू समुद्रात गेला की आणायला गोलमागे एक होडी असायची. हानूस स्वतः खेळायचा तेव्हा, एका वर्षी लीगच्या शेवटच्या सामन्यात हामरवीक एका गोलने मागे होतं. दहा मिनिटं उरली होती. चेंडू पाण्यात गेला. होडीत शालनेसचे दोघे भाऊ होते. एकाने वल्ही आत घेतली, दुसऱ्याने पाइप पेटवला. चेंडू किनाऱ्याला आला तेव्हा रेफरी घड्याळ बघत सामना संपल्याची शिट्टी वाजवत होता.

“हानूस, छत्तीस वर्षं झाली त्याला,” मागून सामल म्हणाला. तो तेव्हाचा गोलकीपर. “तो पाइपवाला मेला पण.”

“मेला असेल. मी नव्हतो गेलो पोचवायला.”

कुणीतरी हसलं. हानूस हसला नाही. त्याच्या मानेची शीर तटतटली होती.

“तुम्हाला हसू येतंय,” तो म्हणाला. “या मैदानातले दगड आमच्या बापांनी हातांनी वेचले. डोंगर फोडून सपाट केलं. बायकांनी मासे साफ करून पैसे जमवले, गोलच्या जाळ्या आणल्या. आणि आज तुम्ही काय म्हणताय? नऊच उरलेत, तर जाऊन त्यांच्या दारात उभे राहू. लाज कशी वाटत नाही? मी नऊजणांना घेऊन खेळेन. हरलो तर हरलो. पण हामरवीकचा माणूस हे पिवळं फडकं अंगाला लावणार नाही. माझ्या घरातला तर नाहीच. मी जिवंत असेपर्यंत नाही.”

सामलने कॉफीच्या कपात नजर घातली. तुम्मास कागद सरळ करत बसला. हानूसला वाटलं, बोलणं लागलं यांना. त्याने ठरावाचा कागद उचलला आणि मधोमध फाडला.

खिडकीशी त्याची मुलगी बसली होती. रान्वा, तेवीस वर्षांची, दवाखान्यात नर्स. ती उठली. टेबलाशी आली, पिवळा शर्ट उचलून तिने त्याची नीट घडी घातली.

“हा माझा आहे, बाबा,” ती म्हणाली. “तुम्मासने दाखवायला मागून घेतला होता.”

“तुझा?”

“मी दोन वर्षं शालनेसकडून खेळते. दर शनिवारी. इथे सगळ्यांना माहीत आहे. तुम्हाला सांगायची कुणाची छाती झाली नाही. आणि तुम्ही तर कधी विचारलंही नाहीत, शनिवारची कुठे जातेस म्हणून.”

हानूसने खोलीभर नजर फिरवली. एकानेही मान वर केली नाही.

“तिकडून खेळायला आधी आपल्या क्लबने सही देऊन मोकळं करावं लागतं,” तो म्हणाला. आवाज आता अगदीच खाली आला होता. “कुणी सोडलं तुला?”

“तुम्ही.”

“खोटं बोलू नकोस.”

“पुरुषांना सरावाला मैदान पुरत नाही म्हणून तुम्ही आमची मुलींची टीम बंद केलीत. आठवतंय? आम्ही बाराजणी होतो. बाराजणींना सोडल्याचे कागद तुम्मासने माझ्याच हाती घरी पाठवले. तुम्ही टीव्हीवर मॅच बघत होतात. मी तुमच्या खुर्चीशी उभी राहून एकेक कागद पुढे करत होते. माझा तिसरा होता. मला वाटलं, नाव वाचाल, रागवाल, म्हणाल की ही कुठे जाणार नाही. इथेच खेळेल.”

रान्वाने शर्ट काखेत धरला.

“तुम्ही सही केलीत आणि टीव्हीवरची नजर न काढता म्हणालात, ‘पुढचा दे.’”