शेवंताबाईंची मूठभर साखर

फुलांचं दुकान मांडण्याआधी शेवंताबाई रोज फुटपाथवर मुंग्यांना साखर घालायच्या. काल तिथलाच फुटपाथ खचला आणि शेजारच्या चहावाल्या दगडूचा पाय मोडला.

"मावशी, या मुंग्या महापालिकेने जमिनीखालच्या पोकळ्या शोधायला सोडल्यात," पालिकेची इंजिनीअर तांबोळी म्हणाली. "भूक लागली की खाली उतरतात. पोकळी सापडली की फटीतून माती वर काढतात, ती माती दिसली की आम्ही पोकळी बुजवतो. इथे त्या उतरल्याच नाहीत. त्यांना वरच पोटभर मिळत होतं."

"पुण्य समजून घालत होते गं मी."

आज सकाळी रांग नेहमीसारखी शेवंताबाईंच्या पायाशी आली. त्यांनी साखरेची मूठ उघडलीच नाही. बराच वेळ घुटमळून रांग फटीत उतरली. शेवंताबाईंकडून पहिल्यांदाच कुणी उपाशी गेलं होतं.