घरून कामाची परवानगी

“एक तारखेपासून आठवड्याचे तीन दिवस सगळ्यांनी ऑफिसात यायचं. बहाणे ऐकणार नाही,” रॉडेल सर म्हणाले.

स्क्रीनवर सात चौकटींतले सात चेहरे पडले. आठवी चौकट काळी होती आणि तिच्यावर नुसतं नाव होतं, जोनालिन. तिचा कॅमेरा बिघडला तो बिघडलाच. फिलिपिन्समधल्या बंतायन बेटावरचं नेट कसलं असतं हे सेबू शहरात बसणाऱ्यांना ठाऊक होतं, म्हणून कुणी त्यावर बोलत नसे.

“सर, मला नाही जमायचं,” ती म्हणाली. “बोटीने यायचं म्हणजे तिकडेच राहावं लागणार. घरात दोन मुली आहेत. त्यांना कुणाच्या गळ्यात घालू?”

“आणि ताई नसली तर आमची पत्रं कोण सुधारणार?” जेरिक मध्येच बोलला. तो टीममधला सगळ्यात लहान आणि सगळ्यात तोंडाळ.

“तू गप रे. जोनालिन, तुझ्याशी मी वेगळं बोलतो.”

काम तसं सोपं होतं आणि तितकंच निलाजरं. अमेरिकेतल्या कुणा गादीवाल्याला इंटरनेटवरच्या शोधात वर यायचं असतं. त्यासाठी दुसऱ्यांच्या साइटवर त्याची लिंक लागते. ती पत्र लिहून मागायची. पण बेटावरच्या बाईला कोण लिंक देणार? म्हणून पत्राखाली सही असायची एमिली कार्टर हिची, शेजारी सोनेरी केसांचा विकत घेतलेला फोटो. जेरिक रोज सकाळी ऑलिव्हर व्हायचा. रॉडेल सर तर एकेकाळी तीन महिने डॉक्टर होते. अख्खी कंपनी परक्या नावांवर पोट भरत होती आणि त्यात कुणालाच काही वावगं वाटत नव्हतं.

तिच्या पत्रांना उत्तरं जास्त यायची, कारण ती विचारपूस करायची. कुत्र्याचं ऑपरेशन कसं झालं, सूनबाईंचा राग गेला का. “ताई, तुम्ही लिंक मागता की सोयरीक जमवता?” असं जेरिक चिडवायचा.

हे काम ती कुठल्या कोर्सात शिकली नव्हती. शेजारी बसून, बघून बघून शिकली. त्याआधी तिचे हात सुक्या मासळीत असायचे. हे काम सुटलं तर पुन्हा तोच वाळवणीचा ओटा, तेच ऊन, आणि मुलींची शाळा बंद. याची तिला इतकी धास्ती होती की सरांचा फोन आला तेव्हा ती आधी भरपूर पाणी प्यायली.

“सहा वर्षं झाली तुला,” सर म्हणाले. “खरं सांगू? मधल्या त्या आजारपणानंतर तुझं काम दुपटीने सुधारलं. आवाज बसला तो बसलाच, पण अक्कल आली.”

“वय झालं, सर.”

“पस्तिशी गाठली नाहीस आणि म्हातारीच्या गप्पा मारतेस! ऐक, प्रत्येक टीममधल्या एकाला कायमचं घरून काम देता येतं. मी तुझं नाव दिलंय.”

तिने फोन दुसऱ्या कानाला लावला.

“आहेस ना? फक्त घराची पाहणी करावी लागते. टेबल, खुर्ची, नेट, आणि खुर्चीत बसलेली तू, असा एक फोटो. शनिवारी मी स्वतः येतो.”

“कशाला त्रास, सर? समुद्र खवळलाय.”

“बोट चालू आहे, विचारलंय मी. दुसऱ्या कुणाला पाठवलं तर तो शंभर खोड्या काढेल. मी आपला माणूस आहे.”

तिला त्याच्या चांगुलपणाचाच राग आला. खडूस साहेबाला टाळता येतं, या असल्याला कसं टाळायचं? राजीनाम्याचं एका ओळीचं पत्र तिने दोनदा लिहिलं आणि दोनदा पुसलं. परक्यांना गोड बोलून वळवणाऱ्या बाईला स्वतःसाठी एक वाक्य सुचत नव्हतं.

शनिवारी सकाळीच तिने मुलींना शेजारी पाठवलं. फरशी पुसली, टेबल खिडकीशी ओढलं. गुडघे ठणकत होते, तरी मासे तळले. पाहुणा उपाशी जायला नको.

दहाच्या सुमाराला दाराशी तीनचाकी थांबली. रॉडेल सर स्क्रीनवर वाटायचे त्यापेक्षा बुटके आणि कोवळे निघाले. हातात केकचा खोका होता आणि चेहऱ्यावर बातमी देणाऱ्याचा आनंद.

दारातच ते वाकले. वडीलधाऱ्यांचा घेतात तसा तिचा हात घेऊन त्यांनी आपल्या कपाळाला लावला.

“मावशी, मी जोनालिनचा साहेब. आहे ना ती घरात? जरा बोलावता?”

तिने मान हलवून त्यांना आत घेतलं. त्यांनी टेबल पाहिलं, नेटचा वेग मोजला, कागदावर खुणा केल्या. “फारच छान ठेवलंय हो,” ते म्हणाले. “आता ती आली की एक फोटो, बस.”

तिने खुर्ची ओढली, तिच्यात बसली आणि चष्मा लावला.

“काढा, सर.”

तो आवाज त्यांनी ओळखला. केकचा खोका त्यांच्या हातात तसाच राहिला.

“तिला जाऊन दोन वर्षं झाली,” ती म्हणाली. “पण माझ्या लेकीचा एक दिवससुद्धा खाडा पडू दिला नाही मी.”