वाळवाईचा खांब

"देवी मातीत मिळंल तवा तू मोकळी, गो," सासू म्हणाली तेव्हा हौशीच्या अंगावरची हळद ओलीच होती. डोळखांबच्या रानातली ही देवी वाळवाई म्हणजे सावरीचा खांब. वाळवीने तो खाल्ला की जग नवं होतं, नवा खांब उभा राहतो आणि दिवा लावणारी सून बदलते. आता दिवा हौशीकडे आला; खांब पडेपर्यंत तिने गावाची शीव ओलांडायची नाही. सावरीच्या लाकडाचा तीन पावसांत भुगा होतो; हौशीचे नऊ पावसाळे उलटले. नवरा कल्याणला वीटभट्टीवर. यंदा त्याने निरोप धाडला, "आली नाय तर दुसरी करीन." हौशीने खांबावर डोकं टेकलं. "माजं काय चुकलं, आये? का खाईना तुला वाळवी?" मागे उभ्या सासूने काळवंडलेले हात पदराआडून पुढे केले. "तिला नको इचारू. दर अवसेला खांबाला बिब्याचं तेल मीच चोळते. तू गेलीस तर माज्याशी बोलंल कोन?"